जुने बो…

कॉलेजच्या 'सोबत' ॲपमधलं 'जुने बो…' हे फोल्डर मी उडवलं, ते पूर्ण शुद्धीत, खुर्चीत ताठ बसून आणि चष्मा पुसून. हे आधीच सांगतो, कारण नंतर कॉलेजात अशी कुजबूज झाली की मी डुलकी घेत होतो आणि अंगठा आपोआप पडला. कार्यालयीन अधीक्षक डुलकी घेत नाही. तो डोळे मिटून विचार करतो.

आमच्या संस्थेने सगळी कागदपत्रं 'सोबत'वर ठेवायची ठरवली आणि मला 'डिजिटल समन्वयक' केलं. पगारात फरक नाही, पण दारावरच्या पाटीवर एक ओळ वाढली. माझी पात्रता म्हणाल तर प्राचार्यांच्या प्रिंटरमध्ये अडकलेला कागद मी न फाडता काढतो. 'सोबत'चं तत्त्व फार उदात्त आहे. एकाने आत काही ठेवलं की सगळ्यांना दिसतं. आणि एकाने काढलं की सगळ्यांचं जातं. हा दुसरा भाग प्रशिक्षणात सांगितला होता म्हणे, पण तेव्हा मी चहाची व्यवस्था बघत होतो.

ऐन मार्चात ॲपवर लाल पट्टी आली : 'जागा संपत आली आहे.' नेमका त्याच दिवशी प्राचार्यांना स्नेहसंमेलनाचा व्हिडिओ चढवायचा होता. त्यात ते स्वतः पोवाडा म्हणत होते.

"चिंतामणी, जरा आत झाडून घ्या," ते म्हणाले.

मी फोनवरच झाडायला बसलो. फोनच्या पडद्यावर फोल्डरांची नावं अर्धीच दिसतात. 'परीक्षा वि…', 'ग्रंथालय ख…' आणि त्याखाली 'जुने बो…'. आता ज्याची उभी हयात कॉलेजच्या कार्यालयात गेली त्याला 'बो' म्हटल्यावर दुसरा कुठला शब्द आठवणार? बोनाफाईड! जुने बोनाफाईड! पोरं नोकरीला लागली, त्यांना पोरं झाली आणि त्यांचे दाखले अजून आमची जागा अडवून बसलेत. आणि जागा तरी केवढी? निम्मं ॲप त्यांनीच खाल्लं होतं. मी बोट दाबून धरलं. ॲपने विचारलं, 'आपणांस खात्री आहे का?'

मला हा प्रश्न लागला. इतक्या वर्षांच्या सेवेत असं मला कुलसचिवांनीही कधी विचारलं नव्हतं. मी 'होय' दाबलं. लाल पट्टी हिरवी झाली, पोवाडा चढला आणि मी शेंगाचटणी-भाकरीचा डबा समाधानाने उघडला.

पुढचे बरेच दिवस समाधानातच गेले. मग एका सकाळी प्रभा मॅडम कार्यालयात आल्या. त्या मराठी विभागाच्या प्रमुख. उन्हाळ्यात निवृत्त होणार होत्या. आवाज कधी चढवायच्या नाहीत, त्यामुळे सगळे त्यांना भ्यायचे.

"चिंतामणराव, माझं एक फोल्डर दिसत नाहीये. तुमच्याकडे दिसतंय का बघता?"

"कुठलं?"

"'जुने बोल'."

मी तोंडातला चहा गिळायला विसरलो. 'जुने बोल' काय होतं हे कॉलेजातल्या शिपायालाही ठाऊक होतं. मॅडम आणि त्यांचे विद्यार्थी कित्येक वर्षं जिल्हाभर हिंडून म्हाताऱ्या माणसांचं बोलणं ध्वनिमुद्रित करत होते. श्रीपूरच्या कारखान्यावरचे ऊसतोडे, अक्कलकोटकडच्या कन्नड मिसळून बोलणाऱ्या बायका, उजनीच्या पाण्याकाठची माणसं. आता कुणी वापरत नाही असे शब्द, गाणी, शिव्या, उखाणे, सगळं त्यात होतं. निरोपसमारंभात भाषणं नकोत, हे आवाज ऐकवा, एवढीच मॅडमची इच्छा होती. ज्यांचे आवाज, त्यांपैकी पत्ते सापडले तेवढ्यांच्या घरी आमंत्रणंही गेली होती. त्या आमंत्रणांवर जावक क्रमांक मीच घातले होते.

माझ्या मनात एक क्षण 'सर्व्हर' हा शब्द येऊन गेला. आमच्या कार्यालयात काहीही चुकलं की आम्ही सर्व्हरवर ढकलतो. तो बिचारा कधी खुलासा करत नाही. पण मॅडम माझ्याकडे इतक्या विश्वासाने बघत होत्या की माझ्या तोंडून खरंच निघालं.

"मॅडम, ते मी काढून टाकलं. बोनाफाईड समजून."

त्या खुर्चीत बसल्या. रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर फार बरं झालं असतं. थोड्या वेळाने म्हणाल्या, "परत येतं का हो?"

"येतं की! न यायला काय झालं?" मी म्हणालो. मला काहीही ठाऊक नव्हतं.

दुसरी प्रत नव्हती. विभागाचा एकुलता एक रेकॉर्डर दर वेळी पुसून नव्याने वापरला जायचा. मॅडमचा जुना संगणक निर्लेखित होऊन भंगारात गेला होता, आणि निर्लेखनाच्या टिपणीवर सही कुणाची होती ते सांगण्यात काही हशील नाही. माझीच होती.

मी ॲपमधली केराची टोपली उघडली. ती रिकामी होती. खाली बारीक अक्षरात लिहिलं होतं : 'सामायिक फोल्डर काढल्यास ते मालकाच्या टोपलीत जाते. मालकच ते परत आणू शकतो. महिनाभरानंतर ते कायमचे नष्ट होते.' महिन्यातले किती दिवस उलटलेत हे मी मुद्दामच मोजलं नाही. हिशेब अंगावर येणार असेल तर आकडेमोड करू नये.

प्रश्न उरला, मालक कोण? मी प्राचार्यांकडे गेलो.

"मालक म्हणजे संस्थेचे अध्यक्ष," प्राचार्य म्हणाले. "दुसरं कोण?"

मी अध्यक्षांकडे गेलो. ते व्हरांड्यात तुळशीला पाणी घालत होते. 'मालक' शब्द ऐकून त्यांनी तांब्या खाली ठेवला. "चिंतामणी, हा शब्द पुन्हा उच्चारू नका. आम्ही इथे मालक नाही, विश्वस्त आहोत. ही संस्था समाजाच्या मालकीची आहे." मग त्यांनी संस्थेच्या स्थापनेपासूनचा इतिहास सांगितला. मी उभ्याने ऐकला. समाजाकडून केराची टोपली कशी उघडून घ्यायची, हे तेवढं त्यात आलं नाही.

घरी आलो तर शेजारचे मडिवाळप्पा कट्ट्यावर बसलेले. हे वीज मंडळातून निवृत्त झालेत आणि जगातली प्रत्येक वस्तू एकदा बंद करून पुन्हा चालू केली की सुधारते, या मताचे आहेत.

"एन्री, काय हो, चेहरा का असा?" त्यांनी विचारलं. मी सांगितलं.

"एवढंच? फोन बंद करून चालू केलात का?"

"केला."

"मग माझ्याबरोबर चला. माझ्या भाच्याचं दुकान हाय नवी पेठेत. डिलीट झालेलं परत काढून देतो. लग्नाचे अल्बम काढून दिलेत त्यानं. एकाचं तर लग्न मोडलं होतं, तरी अल्बम काढला."

हे फोल्डर माझ्या फोनमध्ये कधी नव्हतंच, ते दूर कुठल्यातरी कंपनीच्या यंत्रात होतं, हे मला कळत होतं. पण बुडणारा माणूस मडिवाळप्पांचाही आधार घेतो. दुकानात गर्दी होती. भाच्याने माझा फोन वायरीने मोठ्या पडद्याला जोडला आणि म्हणाला, "काका, तुमचं पुसलेलं सगळं येतंय बघा वर."

आलं. पडद्यावर एकापाठोपाठ एक माझ्या टकलाचे फोटो उमटू लागले. मागून, डावीकडून, आरशातून, खिडकीच्या उजेडात. केस गळतायत की नुसता भास आहे हे बघायला मी ते वेळोवेळी काढले होते आणि लगेच पुसलेही होते. एका गिऱ्हाइकाने माझ्या डोक्याकडे आणि मग पडद्याकडे बघितलं, खातरजमा केल्यासारखं.

"हा जानेवारीतला दिसतोय," मडिवाळप्पा चष्मा वर करून म्हणाले. "तेव्हा बरे होते की हो."

मी वायर उपटली आणि निघालो. रिक्षात मडिवाळप्पांनी मला कांद्याच्या रसाचा उपाय सांगितला. माझ्या बायकोला तो त्यांनी माझ्याआधीच फोनवर सांगून ठेवला असावा, कारण घरात पाऊल टाकताच कांद्याचा वास आला.

दुसऱ्या दिवशी मी 'सोबत'च्या मदतकेंद्राला गाठलं. आधी एक यंत्र बोललं. त्याने माझी अडचण तीनदा ऐकून घेतली आणि हा अनुभव कसा वाटला ते विचारलं. मी जे बोललो ते त्याला समजलं नाही, हे संस्थेच्या दृष्टीने चांगलंच झालं. शेवटी हृषीकेश नावाचा एक मुलगा पुण्याहून बोलू लागला. आवाज इतका नम्र की त्याच्यावर चिडताही येईना.

"सर, फोल्डर सुरक्षित आहे. मालकाने लॉगिन करून 'परत आणा' दाबलं की झालं."

"पण मालक कोण, ते तर सांगा!"

"सर, नाव सांगता येणार नाही. गोपनीयता आहे."

"अहो, आमच्याच कॉलेजचं ॲप!"

"हो सर. प्राचार्यांचं सहीशिक्क्याचं पत्र पाठवलंत तर सांगू शकू."

पत्र टंकलं, सही झाली. शिक्का उलटा उठला म्हणून पुन्हा टंकलं. मग हृषीकेशने नाव सांगितलं : दिग्विजय. आडनाव सांगायची गरजच पडली नाही. दिग्विजय म्हणजे मॅडमचा जुना विद्यार्थी, नंतर आमच्याकडे काही वर्षं तासिका तत्त्वावर शिकवणारा मास्तर. 'सोबत' आलं तेव्हा कॉलेजला होता फक्त दारातला जुना तारेचा फोन, आणि त्यावर ओटीपी येत नाही. म्हणून दिग्विजयने आपला मोबाईल नंबर घालून सगळं सुरू करून दिलं होतं. पुढे तो नोकरी सोडून उजनीकाठच्या गावी केळी लावायला गेला, आणि आमचं सगळं कॉलेज त्याच्या नावावर राहिलं.

"अगदी साधं काम आहे," मी मॅडमना म्हणालो आणि त्यांच्यासमोरच त्याच नंबरला फोन लावला. घंटा वाजली. कुणीतरी उचलला. "हॅलो, दिग्विजय?" पलीकडे नुसती शांतता. मग 'टुक्' असा आवाज झाला आणि फोन बंद. पुन्हा लावला. उचलला, टुक्, बंद. तिसऱ्यांदा मी आवाजात अधीक्षक आणून म्हणालो, "हे बघा, माणसाने निदान हॅलो तरी म्हणावं." टुक्.

"तो असा नव्हता हो," मॅडम हळूच म्हणाल्या. मग त्यांनी लावून बघितला. त्यांनाही टुक्.

तो दिवस आणि दुसरा दिवस मी जमेल तेव्हा तो नंबर फिरवत राहिलो. डबा खाताना, फाईल बघताना, एकदा तर विभागीय सहसंचालकांच्या बैठकीत टेबलाखालून. दर वेळी टुक्. एखाद्या माणसाचा एवढा सातत्यपूर्ण उद्धटपणा मी सरकारी खात्यातसुद्धा पाहिला नव्हता.

शेवटी मॅडमनी जुन्या विद्यार्थ्यांकडून दिग्विजयचा नवा नंबर मिळवला. मी फोन लावून नाव सांगताच पलीकडचा आवाज एकदम चढला.

"सर! म्हणजे तुम्ही व्हय ते?"

"कोण ते?"

"अहो सर, ते जुनं सिम आता फोनमध्ये न्हाई. वडिलांनी ते नदीवरच्या मोटारीच्या स्टार्टरला टाकलंय. घरी बसून फोन लावला की तिकडं मोटार चालू होते, पुन्हा लावला की बंद. आमचा स्टार्टर स्वस्तातला हाय, कुणाचाबी फोन आला की चालू होतो. दोन दिवस झाले, मोटार आपोआप चालतीय, बंद पडतीय. केळीत गुडघाभर चिखल झालाय. बाबांनी स्टार्टरच्या पेटीला लिंबू-मिरची बांधलीय सर."

मी टोपी काढून टेबलावर ठेवली. बैठकीत सहसंचालक अनुदानावर बोलत असताना मी करमाळा तालुक्यातली केळीची बाग भिजवत होतो, हे कळल्यावर माणूस दुसरं काय करणार?

"दिग्विजय," मी म्हणालो, "ते सिम काढून एकदा फोनमध्ये घाला, ओटीपी बघा आणि आमचं फोल्डर परत आणा. मग खुशाल मोटारीला लावा."

"थांबा सर, बाबांना ईचारतो." पलीकडे कुजबूज झाली. "सर, त्ये हात लावू देत न्हाईत. म्हणतात, ज्यानं मोटार चालवली त्यानं हितं येऊन तोंड दाखवावं."

मी मॅडमकडे बघितलं. त्यांना सगळं ऐकू गेलं होतं. त्या बऱ्याच दिवसांनी हसल्या.

"चला, चिंतामणराव," त्या म्हणाल्या. "तोंड दाखवायला मी पण येते."

सकाळच्या गाडीने आम्ही केम स्टेशनवर उतरलो. बायकोने बरोबर शेंगाचटणीचा डबा दिला होता, तो नुकसानभरपाई म्हणून. मडिवाळप्पांनी टेस्टर दिला होता, कशासाठी ते त्यांनाच माहीत. दिग्विजय केळीच्या पिकअपमधून न्यायला आला होता. मॅडम पुढे बसल्या. मी मागे रिकाम्या कॅरेटांमध्ये बसलो, दोन्ही हातांनी टोपी धरून. अधीक्षकाने कसं बसावं याबद्दल सेवानियमांत कॅरेटांचा उल्लेख नाही, ही त्यांतली एक उणीव आहे. रस्ताभर उसाच्या ट्रॅक्टरांनी आमच्यावर धूळ उडवली. पाण्याचा मोठा निळा पट्टा दिसेपर्यंत माझा रंग बदलला होता.

ज्ञानबा, म्हणजे दिग्विजयचे वडील, दारात उभे होते. उंच, वाळलेले, पांढऱ्या मिशांचे. मला त्यांनी वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"तुमीच व्हय मोटार चालू करनारं?"

"माझ्याकडून अनवधानाने…"

"आनवदान कसलं? धा-धा येळा?"

"आम्हाला वाटलं, दिग्विजय बोलत नाहीत."

"मोटार कशी बोलंल?"

मी शेंगाचटणीचा डबा पुढे केला. त्यांनी तो घेतला, वास घेतला आणि बाजूला ठेवला. "सोलापूरची चांगली आस्ती," एवढं मान्य केलं. "पर सिम काय मी काढायचा न्हाई. हितं लाईट कवा येती, कवा जाती. एकदा काडलं आन् परत बसलंच न्हाई, तर मी रोज तितं नदीला जाऊ व्हय बटन दाबायला?"

"बाबा, पाच मिनटांचं काम हाय," दिग्विजय म्हणाला.

"तुजी पाच मिनटं म्या बगितल्यात. नोकरी सोडून आलास तवाबी पाच मिनटं बोलायचंय म्हनला व्हतास."

मी संस्थेची अडचण मांडली. डिजिटल धोरण सांगितलं. प्राचार्यांचं सहीशिक्क्याचं पत्र दाखवलं, ज्यावर शिक्का सुलटा होता. ज्ञानबांनी ते मला परत दिलं. माझ्याकडचे सगळे मुद्दे संपले आणि मी पाणी मागितलं.

तेवढ्यात मॅडम आत भिंतीपाशी जाऊन उभ्या राहिल्या. तिथे एका म्हातारीचा फोटो होता. कपाळावर मोठं कुंकू, कोरडा हार आणि कॅमेऱ्यावर जरा रागावल्यासारखी नजर.

"या कोण?" त्यांनी विचारलं.

"माजी आय. पारूबाई," ज्ञानबा म्हणाले. "गेल्या साली गेली."

मॅडमनी फोटोजवळ वाकून पाहिलं. "पारूबाई? या पारूबाई?" त्या दिग्विजयकडे वळल्या. "तू कधी सांगितलं नाहीस, त्या गेल्या म्हणून."

"सुचलंच न्हाई, मॅडम."

"मी यांना इतक्या वेळा ऐकलंय," मॅडम ज्ञानबांना म्हणाल्या. "बघतेय मात्र आज. दिग्विजय शिकत असताना सुट्टीत घरी आला आणि पहिलं ध्वनिमुद्रण त्याने आपल्या आजीचं केलं. भीमेला पूर यायचा तेव्हाच्या गोष्टी, मळईच्या म्हणजे पुराच्या गाळावरच्या शेतीच्या, पाण्याखाली गेलेल्या गावाच्या. चांगला तासभर बोलल्यात त्या. तो आवाज त्या फोल्डरमध्ये आहे."

ज्ञानबांनी मुलाकडे पाहिलं. "आयचा आवाज हाय?"

"व्हय बाबा. तवाच भरला होता."

"आन् तू आता सांगतूस?"

"तुम्ही कदी ईचारलं न्हाई."

ज्ञानबा उठले, खुंटीवरचा पाना घेतला आणि पाण्याकडे चालू लागले. आम्ही तिघं मागोमाग निघालो. केळीतून जाताना माझा एक बूट चिखलात राहिला. तो चिखल मीच केलेला असल्यामुळे तक्रार करायची सोय नव्हती.

काठावर पत्र्याच्या पेटीत तो स्टार्टर होता. लिंबू-मिरची सुकून काळी पडली होती. ज्ञानबांनी ती सोडून पेटी उघडली आणि नखाने सिम उचकटलं. त्यावर कोळ्याने जाळं केलं होतं. दिग्विजयने ते सदऱ्याला पुसून स्वतःच्या फोनमध्ये घातलं, आणि लगेच फोनला हिव भरल्यासारखं झालं. टिंग, टिंग, टिंग. त्या बिचाऱ्या मोटारीला इतके दिवस आलेले आणि तिने कधीच न वाचलेले सगळे निरोप एकदम कोसळले. तिला कर्ज मंजूर झालं होतं. तिला गोव्याची सहल लागली होती. तिने योग्य जोडीदाराच्या शोधासाठी आजच नोंदणी करावी, असंही एकाने सुचवलं होतं.

दिग्विजयने घरून बरोबर घेतलेला लॅपटॉप बांधावर उघडला आणि ओटीपी मागवला. तो आला, पण सहलीच्या आणि कर्जाच्या गर्दीत सापडेपर्यंत त्याची मुदत संपली. दुसरा मागवला. रेंज गेली. ज्ञानबांनी फोन हातात घेऊन डोक्यावर धरला आणि पाण्यात घोट्यापर्यंत उतरले. "हितं येती कवाकवा," ते म्हणाले. तिसऱ्याला टिंग झालं. ज्ञानबांना अक्षर दिसेना, त्यांनी फोन मला दिला. मी एका बुटावर उभा राहून आकडे मोठ्याने वाचले. परीक्षेचा निकालसुद्धा मी कधी इतक्या जपून वाचला नव्हता.

ॲप उघडलं. मालकाची टोपली उघडली. मी मॅडमकडे बघायचं टाळलं. टोपलीत वरच, पूर्ण नावानिशी, 'जुने बोल' होतं. शेजारी लाल अक्षरात लिहिलं होतं : 'उद्या कायमचे नष्ट होईल.'

दिग्विजयने 'परत आणा' दाबलं. गोल चक्र फिरू लागलं. ते इतका वेळ फिरलं की मला कुलदैवत आठवून झालं, मग बायकोचं कुलदैवतही आठवून झालं. मग चक्र थांबलं आणि फोल्डर आपल्या जागी येऊन बसलं, जसं काही कुठे गेलंच नव्हतं. मॅडमनी पदराने चष्मा पुसला. माझाही पुसायला झाला होता, पण हात चिखलाने भरले होते.

"लाव की," ज्ञानबा म्हणाले.

दिग्विजयने पहिली फाईल लावली. आधी खरखर झाली, एक कोंबडा ओरडला, आणि मग बांधावर पारूबाईंचा आवाज आला. ठणठणीत, जरा भांडखोर.

"सुरू झालं का रं दिग्या तुजं मशीन? मग आयक. भीमंला पानी चढाय लागलं की म्हातारी मानसं काठाला जाऊन बसायची. पानी कुटवर येनार, मातीच्या वासावरनं सांगायची. त्यो वास आता न्हाई बग. धरन झालं, आन्…" बोलता बोलता त्या थांबल्या आणि कुणालातरी मोठ्याने हाक मारली. "आरं ज्ञानबाऽ! जेवलास का रं?"

थोडा वेळ नुसती खरखर.

"बग दिग्या, तुजा बाप. आयकतोय, पर बोलायचा न्हाई. पैल्यापासनं तसाच."

आम्ही सगळे हसलो. ज्ञानबाही हसले, पण डोळे पुसत. पुढे पुराची गोष्ट सुरू झाली होती. त्यांनी हात वर केला.

"तेवडंच परत लाव."

"कुठलं, बाबा?"

"हाक मारती ती."

दिग्विजयने मागे नेलं. पुन्हा कोंबडा, पुन्हा माती, पुन्हा धरण. ज्ञानबा पाण्यातून वर आले आणि लॅपटॉपसमोर उकिडवे बसले, पाटावर बसावं तसे, सावरून.

"आरं ज्ञानबाऽ! जेवलास का रं?"

"जेवलो गं आय," ज्ञानबा म्हणाले.

खरखर झाली. मग पारूबाई म्हणाल्या, "बग दिग्या, तुजा बाप. आयकतोय, पर बोलायचा न्हाई."

"आता बोललो की गं," ज्ञानबा म्हणाले.